नातलगाचे कर्ज आणि आपली जमीन

घरातील कर्ता पुरुष वारला की तेरावा होण्यापूर्वीच सावकाराचा माणूस दारात उभा राहतो. भेदरलेली विधवा किंवा तरुण मुलगा त्याने पुढे केलेल्या कागदावर सही करतो अथवा अंगठा उठवतो. पुष्कळदा त्या साऱ्या कर्जाची जबाबदारी कायद्याने त्यांच्यावर नसतेच. ती या नव्या कागदाने त्यांच्या गळ्यात पडते. म्हणून नातलगाच्या कर्जापायी आपल्या मालमत्तेवर जप्ती केव्हा येऊ शकते व केव्हा नाही, हे प्रत्येक खातेदाराने जाणून घेणे अगत्याचे आहे.

मूळ नियम असा की, ज्याचे कर्ज त्याचीच मालमत्ता त्यास जबाबदार. पतीच्या कर्जासाठी पत्नीच्या स्वतःच्या मालकीची जमीन किंवा स्त्रीधन जप्त करता येत नाही. वाटणीनंतर एका भावाने काढलेल्या कर्जाचा बोजा दुसऱ्या भावाच्या जमिनीवर येत नाही.

पित्याचे ऋण पुत्राने फेडलेच पाहिजे, ही समजूत फार जुनी आहे. मुंबई इलाख्यात १८६६ च्या कायद्याने मृताच्या कर्जाबाबत वारसाची जबाबदारी मिळालेल्या मालमत्तेपुरती मर्यादित केली. पुढे हिंदू उत्तराधिकार कायद्यात २००५ साली दुरुस्ती झाली. ९ सप्टेंबर २००५ नंतर काढलेले पित्याचे वा आजोबांचे कर्ज केवळ धार्मिक कर्तव्य म्हणून पुत्राकडून किंवा नातवाकडून वसूल करता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम ५० चेही तत्त्व हेच आहे. समजा, पित्याचे कर्ज तीन लाखांचे असून वारशाने मिळालेली मालमत्ता एक लाखाची आहे. अशा वेळी पुत्राची जबाबदारी एक लाखापुरतीच. त्याने स्वकष्टाने घेतलेल्या विहिरीला वा बैलजोडीला त्या कर्जाची झळ पोहोचत नाही.

तथापि पुढील प्रसंगी सावध राहिले पाहिजे :

१. जामीन राहणे : भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम १२८ नुसार, करारात अन्यथा ठरले नसल्यास, जामिनाची जबाबदारी ऋणकोइतकीच असते. भिडेखातर केलेली सही शेतावर बेतू शकते.

२. सामाईक जमीन : एका भावाच्या कर्जासाठी त्याचा अविभक्त हिस्सा जप्त होऊ शकतो. एकत्र कुटुंबाच्या खऱ्या गरजेसाठी कर्त्याने कर्ज काढले असेल, तर सर्वांच्या सामाईक मिळकतीवर त्याचा भार पडतो.

३. खोटे हस्तांतर : धनकोला चुकविण्यासाठी जमीन नातलगाच्या नावे केल्यास न्यायालय तो व्यवहार रद्द ठरवू शकते.

जप्तीची नोटीस आल्यास ती उशाखाली ठेवून स्वस्थ बसू नये. सातबारा व आठ-अचे उतारे, फेरफार आणि वाटणीपत्र घेऊन, ज्या न्यायालयाने वा वसुली अधिकाऱ्याने जप्ती केली त्याच्याकडे लेखी हरकत नोंदवावी. लिलाव होऊन गेल्यावर ही वाट बंद होते. खुद्द ऋणको शेतकऱ्यासही दिवाणी जप्तीत कलम ६० चे संरक्षण आहे. त्याचे राहते घर, शेतीची अवजारे, तसेच उपजीविकेस आवश्यक अशी जनावरे व बियाणे यांवर जप्ती आणता येत नाही. गहाण टाकलेल्या मालमत्तेची गोष्ट मात्र निराळी.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी आपल्या गावात दोन गोष्टी अवश्य कराव्यात. ज्या भावांची वहिवाट वेगळी पण सातबारा एकच आहे, त्यांना रीतसर वाटणी करून नोंद घेण्यास सांगावे. आणि ज्या घरी मृत्यू झाला असेल, तेथे मूळ कर्जाचे कागद पाहिल्यावाचून कोणत्याही नव्या कागदावर सही करू नये, असे घरच्यांना वेळीच समजावावे. स्त्रिया तसेच अनुसूचित जाती व जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता तालुका विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळू शकतो, हेही त्यांच्या कानी घालावे.