नाव भावाचं, नजर गावाची

सनी लिओनीचं खरं नाव करनजीत कौर व्होरा. जन्म १९८१, कॅनडातलं सार्निया. ‘सनी’ हे तिच्या भावाचं घरातलं नाव. प्रौढ चित्रपटांसाठी तिनं ते उचललं. २०११ साली ‘बिग बॉस’, पुढच्याच वर्षी ‘जिस्म २’, आणि २०१७ मध्ये मराठी ‘बॉईज’मधलं गाणं.

इकडे महाराष्ट्रात, बोदवडच्या शिवारात बुजगावणं म्हणजे जुना सदरा आणि मडकं. आंध्रातल्या नेल्लोर जिल्ह्यातल्या एका शेतकऱ्यानं मात्र २०१८ मध्ये भाजीच्या मळ्यात सनीचं लाल बिकिनीतलं पोस्टर लावलं. येणाऱ्याजाणाऱ्याची नजर तिच्यावर जावी, पिकाला लागू नये म्हणून! पडद्यावरची प्रतिमा बांधापर्यंत पोचते, बाई मात्र मागेच राहते. मला हे फार खुपतं.

तीच बाई पुढेही काम करत राहिली: २०२३ मध्ये तिचा ‘केनेडी’ हा चित्रपट कान महोत्सवात दाखवला गेला.