पाटा-वरवंटा आणि अलास्काचे ज्वालामुखी

आपल्या घरातला पाटा-वरवंटा कशाचा बनला आहे, याचा कधी विचार केला आहे का? मिक्सर आल्यापासून तो मोरीच्या कोपऱ्यात पडला असेल. पण एकदा त्यावर हात फिरवून पाहा. तो काळा दगड म्हणजे थिजलेला लाव्हारस आहे!

भिसेगावात उभे राहिले की एका बाजूला माथेरान दिसते, दुसऱ्या बाजूला घाटाची भिंत. हे सारे डोंगर सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून वाहिलेल्या तप्त रसाचे आहेत. भाकऱ्यांची चवड रचावी तसे थरावर थर बसले. याच दगडात कोंडाण्याची बौद्ध लेणी कोरली गेली. १८६३ साली सुरू झालेल्या बोरघाटातल्या रेल्वेसाठी मजुरांनी हाच दगड फोडला. मग हा ज्वालामुखी पुन्हा पेटेल काय? नाही. आपला केव्हाच निवला.

पण जगात अजून पेटणारे पुष्कळ आहेत. अमेरिकेच्या पार उत्तरेला अलास्का नावाचा बर्फाळ प्रांत आहे. तिथे माणसांच्या आठवणीत धुमसलेले ५० हून अधिक ज्वालामुखी आहेत. त्यातल्या बहुतेकांच्या पायथ्याशी ना गाव, ना रस्ता. १९१२ साली तिथला नोव्हारुप्ता फुटला, तो विसाव्या शतकातला सर्वांत मोठा स्फोट. दीडशेहून अधिक किलोमीटरवरच्या कोडियाक गावात राखेमुळे दोन-तीन दिवस भरदिवसा अंधार होता.

जिथे माणूसच राहत नाही, त्या डोंगरावर पहारा कशाला? याचे उत्तर आकाशात आहे. १५ डिसेंबर १९८९ रोजी ॲमस्टरडॅमहून निघालेले एक जंबो विमान अलास्कातल्या अँकरेजला उतरायला येत होते. आदल्याच दिवशी रिडाउट ज्वालामुखी फुटला होता. विमान त्याच्या राखेच्या ढगात शिरले. ही राख चुलीतल्या राखेसारखी मऊ नसते, ती दगडाची आणि काचेची पूड असते. इंजिनाच्या उष्णतेत ती वितळून आत चिकटली आणि चारही इंजिने बंद पडली. आत २४५ माणसे! विमान चार किलोमीटरहून अधिक खाली आले. वैमानिकांनी पुन्हा पुन्हा खटपट करून इंजिने चालू केली आणि सगळे सुखरूप उतरले.

अलास्काची ज्वालामुखी वेधशाळा त्याच्या आदल्याच वर्षी, १९८८ साली, सुरू झाली होती. या प्रसंगानंतर तिचे काम झपाट्याने वाढले. शास्त्रज्ञ उन्हाळ्यात हेलिकॉप्टरने डोंगरावर जातात आणि भूकंपमापक पुरतात. सौर तावदाने, बॅटऱ्या, रेडिओ बसवतात. पुढे हिवाळ्यात यंत्र बर्फाखाली गाडले गेले तरी बोलत राहावे, अशी धडपड असते. रस वर चढू लागला की आधी बारीक बारीक धक्के बसतात, मग डोंगर किंचित फुगतो, वायू वाढतो. त्यावरून हिरवा, पिवळा, नारिंगी, लाल असा रंग जाहीर होतो आणि विमाने वाट बदलतात. ऑक्टोबर २०२४ मध्ये स्पर ज्वालामुखीला असाच पिवळा रंग दिला गेला. आणि ही गोष्ट फक्त दूरदेशीची नव्हे. नोव्हेंबर २०२५ मध्ये इथिओपियातला हायली गुब्बी फुटला, तेव्हा राख थेट भारतावर आली आणि आपल्याकडचीही विमाने रद्द करावी लागली.

हे वाचताना मला मात्र इर्शाळवाडी आठवत राहिली. खालापूर तालुक्यातली ठाकरांची वाडी, इर्शाळगडाच्या कुशीत, गाडीरस्ता नसलेली. १९ जुलै २०२३ च्या रात्री मुसळधार पावसात दरड आली. २७ मृतदेह हाती लागले, ५७ जण बेपत्ताच राहिले. धोकादायक गावांच्या यादीत या वाडीचे नाव नव्हते, असे सरकारनेच सांगितले. ओसाड अलास्कात विमानातल्या प्रवाशांसाठी डोंगराला कान लावलेला, आणि भरल्या वाडीच्या डोक्यावरच्या डोंगराला कोणाचाच कान नाही! आमच्या काळ्या दगडातला विस्तव विझला म्हणून डोंगर स्थिर झाला, असे थोडेच आहे? उभ्या उतारावरची माती पाणी पिऊन जड होते आणि खडकावरून घसरते. तेही ऐकता येते. केरळात मुन्नारला अमृता विद्यापीठाने उतारात यंत्रे बसवली आहेत. मातीतल्या पाण्याचा दाब आणि जमिनीची हालचाल ती टिपतात.

यंत्र येईल तेव्हा येईल. तोवर डोंगराखाली राहणाऱ्यांनी पावसाळ्यात काही खुणांकडे लक्ष ठेवावे. जमिनीला किंवा भिंतीला नवी भेग पडणे. झाड, विजेचा खांब, कुंपण कलणे. नीट लागणारे दार एकाएकी अडकू लागणे. झऱ्याचे पाणी अचानक गढूळ होणे, किंवा नको तिथे पाणी फुटणे. यातले काही दिसले तर पोराबाळांना, म्हाताऱ्यांना घेऊन आधी घराबाहेर पडावे, शेजाऱ्यांना हाक द्यावी, आणि मग तलाठ्याला किंवा जिल्ह्याच्या आपत्ती कक्षाला १०७७ वर कळवावे. रात्र असली तरी सकाळची वाट पाहू नये. इर्शाळवाडीत दरड आली तेव्हा बहुतेक जण झोपेत होते.