खळ, मोरचूद आणि 48 हजार

गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एरवी पाणी सुटल्याच्या, लाइट जाणार असल्याच्या आणि दहाव्या-तेराव्याच्या सूचना येतात. त्यात एक दिवस हा मजकूर आला: 'वाचनालयाची मोजदाद व बांधणी चालू आहे. घरी राहिलेली पुस्तके आणून द्यावीत. कितीही जुनी असोत, दंड नाही.' दंड हा वाचनालयाचा पिढीजात धाक. तो आपणहून सोडणारं वाचनालय बघायलाच हवं, म्हणून मी गेलो.

सातारा जिल्ह्यात, कृष्णेच्या काठी, ग्रामपंचायतीच्या मागे दोन खोल्या आहेत. पुढच्या खोलीत वर्तमानपत्रांचं टेबल आणि लोखंडी कपाटं, मागच्या खोलीत अभ्यासिका. दारात पाऊल टाकण्याआधीच वास आला. ओट्यावर स्टोव्ह पेटलेला, पातेल्यात मैद्याची खळ शिजत होती आणि एक साठीतला माणूस तिच्यात मोरचुदाची निळी भुकटी टाकून ढवळत होता. मोरचूद घातलं की खळीला कसर लागत नाही, वाळवीही लांब राहते. तालुक्याच्या गावाहून आलेला हा बाइंडर. सगळे त्याला मामा म्हणतात, मीही तेच म्हणू लागलो.

मोजदादीचं काम साधं आणि कंटाळवाणं: एकाने दाखल नोंदवहीतला क्रमांक वाचायचा, दुसऱ्याने कपाटातून पुस्तक काढून दाखवायचं, तिसऱ्याने खूण करायची. हे तिन्ही हात गावातल्याच पोरांचे होते. खरा निर्णय त्यानंतरचा, आणि तो ग्रंथपाल ताईंचा. त्यांच्यासमोर तीन गठ्ठे होते: जशीच्या तशी कपाटात जाणारी पुस्तकं, मामांकडे जाणारी आणि निर्लेखनाची, म्हणजे सरकारी भाषेत नोंदवहीतून कायमची उतरवायची.

पुस्तक हातात आलं की ताई आधी शेवटचं पान उघडायच्या. तिथे तारखांची चिठ्ठी डकवलेली असते. एका रहस्यकथेच्या चिठ्ठीवर शिक्क्यांची दाटी होती, एकावर एक चिठ्ठ्या चिकटवून जाडसर पुठ्ठाच झालेला. पण शेवटचा शिक्का 2004 चा. एका समीक्षेच्या पुस्तकावर एकही तारीख नव्हती, पान कोरं करकरीत. सुहास शिरवळकरांच्या 'दुनियादारी'ची गंमत वेगळी. काही वर्षं चिठ्ठी शांत, आणि 2013 मध्ये सिनेमा आल्यावर पुन्हा शिक्क्यांची रांग. 'मृत्युंजय'च्या दोन प्रती होत्या, दोन्हींच्या पाठी निखळलेल्या. "ही दोन्ही मामांकडे," ताई म्हणाल्या. "समीक्षेचं ठेवू. कधीतरी कोणी बी.ए.ची मुलगी येईल." रहस्यकथा त्यांनी जरा वेळ हातात धरली आणि निर्लेखनात टाकली. पानं इतकी ठिसूळ झाली होती की दुमडताच तुकडा पडत होता.

मी परत परत ओट्यावर जाऊन बसत होतो. मामांचा हात बघत राहावा असा. पुस्तकाची पाठ सोलायची, वाळलेला सरस चाकूने खरवडायचा, फर्मे, म्हणजे एकत्र दुमडलेल्या पानांचे जुडगे, सुटे करायचे. प्रत्येक फर्म्याचं बाहेरचं पान दुमडीवर फाटलेलं असतं. तिथे पातळ कागदाची बोटभर पट्टी खळीने लावायची. मग फर्मे क्रमाने रचून, ठोकून सारखे करून, शिकंज्यात आवळायचे आणि दोऱ्याने एकेक फर्मा आतून शिवत जायचं. ही जुजबंदी. अशी शिवलेली पोथी टेबलावर ठेवली तर उघडी राहते, पान धरून बसावं लागत नाही. अस्तर, पुठ्ठा, कापड हे त्यानंतरचं.

मामांचे वैरी दोन. पहिला सेलोटेप. वाचकाने मायेपोटी फाटलेल्या पानावर लावलेली पट्टी काही वर्षांत पिवळी पडते आणि अक्षरं सोबत घेऊनच निघते. दुसरा वैरी म्हणजे अलीकडची पुस्तकं. त्यांना फर्माच नसतो, सुटी पानं पाठीला नुसती चिकटवलेली. "दोन-चार जणांनी उताणं वाचलं की पत्त्यांचा कॅट," मामा म्हणाले. अशा पुस्तकाला कडेने भोकं पाडून शिवण्यावाचून गत्यंतर नसतं, आणि मग ते नीट उघडत नाही. 1970 सालचं पुस्तक आणखी चाळीस वर्षं चालेल, दोन वर्षांपूर्वीचं चालणार नाही, हे त्यांनी इतक्या सहज सांगितलं की नव्या पुस्तकांच्या गुळगुळीत मुखपृष्ठांचा मला रागच आला.

एका पुस्तकाच्या बांधणीला साठ रुपये. मामांच्या गठ्ठ्यात दोनशेच्या वर पुस्तकं होती. मी बारा हजारांचा हिशेब मनात करतोय तोवर ताईंनीच आकडा सांगितला: "आपलं वाचनालय ड वर्गातलं. वर्षाला अनुदान 48 हजार."

ग्रंथसंख्या, सभासद, कामाचे तास यांवर राज्यातल्या शासनमान्य ग्रंथालयांचे अ, ब, क, ड असे वर्ग पडतात. ड वर्गाला आधी वर्षाला 30 हजार मिळत. 2022 मध्ये सरकारने परिरक्षण अनुदान 60 टक्क्यांनी वाढवलं आणि ते 48 हजार झालं. टक्क्यांत वाढ मोठी दिसते. पण 48 हजारांतला निम्मा भाग पगाराचा, म्हणजे ताईंना महिन्याला दोन हजार. "भांगलायला गेले तर यापेक्षा जास्त येतील," त्या हसत म्हणाल्या आणि पुढचं पुस्तक उघडलं. उरलेल्या 24 हजारांत वर्तमानपत्रं, लाइटबिल, नवी पुस्तकं आणि मामा. दोनशे पुस्तकं बांधली तर त्यातला निम्मा पैसा खळीतच गेला. म्हणून शेवटी शंभरच बांधायची ठरली. उरलेली शंभर दोऱ्याने बांधून कपाटावर चढली. पुढच्या वर्षी बघू.

48 हजार. नव्या पद्धतीच्या ग्रंथालयांवरची भाषणं मी ऐकली आहेत. त्यांत ई-ग्रंथालय असतं, डिजिटायझेशन असतं, काचेची दालनं असतात. याच जिल्ह्यात भिलारला 2017 मध्ये 'पुस्तकांचं गाव' उभं राहिलं. ते देखणं आहे, तिथे गेल्यावर आनंदच होतो. पण पाहुणे जातात ते गाव वेगळं आणि रोज संध्याकाळी कुणीतरी पुस्तक बदलायला येतं ते गाव वेगळं. दुसऱ्या गावासाठी काय आहे, तर 48 हजार.

हे असं का, याचं उत्तर बरंचसं कायद्यात आहे. सार्वजनिक ग्रंथालयांचा देशातला पहिला कायदा शेजारच्या कोल्हापूर संस्थानाने 1945 साली केला. पुढे 1948 मध्ये मद्रास प्रांताने केला. त्यामागे डॉ. रंगनाथन होते, आणि त्यात घरपट्टीबरोबर ग्रंथालय उपकर घेण्याची सोय होती. महाराष्ट्राचा अधिनियम 1967 चा. त्यात उपकर नाही. त्यामुळे इथली वाचनालयं संस्थांनी चालवायची आणि सरकारने अनुदान द्यायचं, अशी रीत पडली. रीत वाईट नव्हती. तिनेच खेडोपाडी वाचनालयं उभी राहिली. पण तिच्यात फटीही राहिल्या. 2012 साली महसूल खात्याकडून पडताळणी झाली तेव्हा केवळ कागदावर चालणारी अनेक ग्रंथालयं सापडली. त्या बोगसांची बदनामी भोवली ती मात्र रोज कुलूप उघडणाऱ्यांना.

मग हे वाचनालय चालतं कशावर? मागच्या खोलीवर. अभ्यासिकेत अठरा खुर्च्या आहेत, दरमहा दोनशे रुपये. पोलीस भरती, तलाठी, एमपीएससी करणारी पोरं-पोरी पहाटेपासून बसतात. चार बाय दोनच्या टेबलावर स्वतःची गाइडं, स्वतःची पाण्याची बाटली. पुढच्या खोलीतल्या कपाटाला त्यांचा हात क्वचितच लागतो. मी हे जरा कुरकुरत बोलून दाखवलं, तर ताईंना ते आवडलं नाही. "घरात दोन खोल्या आणि सात माणसं. मुलीला रात्री नऊपर्यंत कुठं बसू देतील? इथं देतात. पुस्तक नाही नेलं तरी चालेल, दार तर उघडं राहतंय." मला ते पटलं. अर्थात त्या अठरांतली तिघं मोजदादीला आली होती, आणि त्यांतल्या एकाने संध्याकाळी 'मृत्युंजय'ची नवी बांधलेली प्रत आपल्या नावावर लिहून घेतली, हेही नोंदवायला हवं.

दंड माफीला गाव जागलं. शाळकरी पोरांच्या हाती, भाजीच्या पिशवीतून, दूध घालायला जाताना असं करत पुस्तकं येत राहिली. एक गृहस्थ वडिलांच्या ट्रंकेत सापडलेली तीन पुस्तकं घेऊन आले. नोंदवहीत त्या तिन्हींपुढे लाल शाईने 'गहाळ' लिहिलं होतं. ताईंनी पट्टी धरून तो शब्द खोडला, पुढे 'परत' लिहिलं, तारीख टाकली, सही केली. गृहस्थ शंभराची नोट पुढे करू लागले. "दंड नाही म्हटलंय," ताई म्हणाल्या. "पण सभासद होता येईल." पावती फाडली गेली.

माझं मत आता पक्कं आहे. वाचनालयाचं नूतनीकरण संगणकापासून सुरू होत नाही. ते दार उघडणाऱ्या माणसाच्या पगारापासून सुरू होतं, मग बांधणी, मग नवी पुस्तकं आणि त्यानंतर बाकी सगळं. पहिल्याच पायरीला महिना दोन हजार देऊन वाचनसंस्कृती ऱ्हास पावल्याची हळहळ करणं हा शुद्ध दांभिकपणा आहे. सरकारने आकडा वाढवावा, ही मागणी आहेच. पण सगळं तिथवर टांगून ठेवायचं कारण नाही. वाचनालयाचं लाइटबिल आणि बांधणीचा खर्च ग्रामपंचायतीच्या उत्पन्नातून उचलता येईल का, हे विचारायला कायदा बदलावा लागत नाही. 26 जानेवारी, 1 मे, 15 ऑगस्ट, 2 ऑक्टोबर या तारखांना ग्रामसभा होतातच. ठरावाला एक सूचक लागतो आणि एक अनुमोदक. सूचक तुम्ही व्हा.