गृहकर्जाचा परिव्यय

गृहकर्जाचा परिव्यय : राहते घर बांधण्यासाठी वा विकत घेण्यासाठी तेच घर तारण ठेवून घेतलेल्या दीर्घ मुदतीच्या कर्जापायी, ते पूर्णपणे फिटेपर्यंत, ऋणकोस मुद्दलाव्यतिरिक्त सोसावा लागणारा एकूण भार. ह्या भारात व्याजाचा वाटा सर्वांत मोठा असतो. त्याखेरीज प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी व मूल्यांकन ह्यांचा खर्च, मुद्रांक शुल्क आणि विमाहप्ता ह्यांचाही त्यात समावेश होतो. सामान्यतः ऋणको कर्जाची पारख व्याजाचा दर आणि मासिक हप्ता ह्या दोन आकड्यांवरून करतो. तथापि दर तोच असतानाही केवळ मुदत वाढल्यामुळे परिव्यय दुप्पट-तिप्पट होऊ शकतो. मुद्दल किती काळ न फिटता राहते, ह्यावरच परिव्यय मुख्यतः अवलंबून असतो.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : घरासाठी सामुदायिक बचतीतून कर्ज देण्याची प्रथा इंग्लंडमध्ये अठराव्या शतकात सुरू झाली. बर्मिंगहॅम येथे १७७५ मध्ये स्थापन झालेली रिचर्ड केटली ह्याची संस्था ही अशा संस्थांतील सर्वांत आधीची ज्ञात संस्था मानली जाते. अमेरिकेत १९३० पर्यंत गहाणकर्जे बहुधा अल्प मुदतीची असत. मुदतीत प्रामुख्याने व्याज भरावयाचे व अखेरीस मुद्दल एकरकमी फेडावयाचे, अशी त्यांची रीत होती. महामंदीत ही व्यवस्था कोसळली. त्यानंतर १९३४ मध्ये स्थापन झालेल्या संघीय गृहनिर्माण प्रशासनाच्या हमीमुळे समान हप्त्यांची दीर्घ मुदतीची कर्जे तेथे रूढ झाली.

भारतात घर प्रायः स्वतःच्या बचतीतून, भविष्य निर्वाह निधीतून उचललेल्या रकमेतून वा सहकारी संस्थेमार्फत उभे राही. मुंबईत गावदेवी येथे १९१५ मध्ये स्थापन झालेली सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था हे ह्या सहकारी प्रयत्नाचे एक जुने उदाहरण होय. सामान्य पगारदारास दीर्घ मुदतीचे गृहकर्ज देण्याचा व्यवसाय हसमुखभाई पारेख ह्यांनी १९७७ मध्ये मुंबईत स्थापिलेल्या गृहनिर्माण विकास वित्त निगमामुळे (एचडीएफसी) रुजला. हा निगम १ जुलै २०२३ रोजी त्याच नावाच्या बँकेत विलीन झाला. गृहवित्ताच्या क्षेत्रातील शिखर संस्था म्हणून राष्ट्रीय आवास बँकेची स्थापना १९८८ मध्ये झाली.

व्याजाच्या एकूण भारास मर्यादा घालण्याची कल्पना भारतीयांस नवी नाही. हिंदू विधीतील दामदुपटीच्या नियमानुसार कोणत्याही एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलापेक्षा अधिक असू शकत नसे. मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी हिंदू ऋणकोंच्या बाबतीत हा नियम मान्य केला होता. मात्र तो थकून साचलेल्या व्याजापुरता होता. वेळोवेळी चुकते केलेल्या व्याजाची बेरीज त्यात धरली जात नसे. आजच्या गृहकर्जाचे व्याज दरमहा चुकते होते. त्यामुळे वीस-पंचवीस वर्षांत ते मुद्दलाहून अधिक झाले, तरी त्यात कोणाला वावगे वाटत नाही आणि ऋणकोच्याही ते सहसा ध्यानात येत नाही.

हप्त्याची रचना : गृहकर्ज सामान्यतः समान मासिक हप्त्यांनी फेडले जाते. हप्त्याची रक्कम सारखी असली, तरी तिची विभागणी दरमहा बदलते. शिल्लक मुद्दलावरील त्या महिन्याचे व्याज प्रथम वळते होते व उरलेल्या रकमेने मुद्दल कमी होते. उदा., ३० लाख रु. कर्ज द. सा. द. शे. ९ दराने २० वर्षांसाठी घेतल्यास मासिक हप्ता २६,९९२ रु. येतो. पहिल्या हप्त्यात २२,५०० रु. व्याज असते आणि मुद्दलाकडे केवळ ४,४९२ रु. जातात. पाच वर्षांत ऋणको सु. १६ लाख २० हजार रु. भरतो, पण मुद्दल सु. ३ लाख ३९ हजारांनीच घटते. हप्त्यातील मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होण्यास तेरावे वर्ष उजाडते आणि निम्मे मुद्दल फिटण्यास १४ वर्षे लागतात. पाचव्या-सहाव्या वर्षी घर विकण्याचा प्रसंग आल्यास ‘इतके हप्ते भरूनही कर्ज जवळजवळ तेवढेच कसे’, असा जो प्रश्न पडतो, त्याचे उत्तर ह्या रचनेत आहे. तीत फसवणूक नसते. मोठ्या मुद्दलावर व्याजही मोठे, एवढाच तिचा अर्थ होय.

मुदतीचा परिणाम : वरील कर्जाचीच मुदत बदलल्यास हप्ता व व्याज ह्यांत पडणारा फरक पुढील कोष्टकात दिला आहे.

३० लाख रु. कर्ज, व्याजदर ९ टक्के (स्थिर), मासिक आकारणी

| मुदत (वर्षे) | मासिक हप्ता (रु.) | एकूण व्याज (लाख रु.) |
|---|---|---|
| १० | ३८,००३ | १५.६० |
| १५ | ३०,४२८ | २४.७७ |
| २० | २६,९९२ | ३४.७८ |
| २५ | २५,१७६ | ४५.५३ |
| ३० | २४,१३९ | ५६.९० |

मुदत १० वरून १५ वर्षे केल्यास हप्ता सु. साडेसात हजारांनी हलका होतो. २५ वरून ३० वर्षे केल्यास तो जेमतेम एक हजाराने उतरतो. व्याज मात्र ११ लाखांहून अधिक वाढते. हप्ता कितीही लहान केला, तरी तो निव्वळ व्याजाच्या (येथे २२,५०० रु.) खाली जाऊ शकत नाही. म्हणून मुदत जसजशी लांबते, तसतशी हप्त्यातील सवलत आटत जाते व तिची किंमत वाढत जाते.

चल व्याजदर : भारतातील बहुतेक गृहकर्जे चल दराची असतात. त्यांचा दर २०१० पासून आधार दराशी व २०१६ पासून निधीच्या सीमांत खर्चावर आधारलेल्या दराशी निगडित होता. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी द्यावयाच्या नव्या चल दराच्या गृहकर्जांसाठी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारखा बाह्य निर्देशक दर अनिवार्य झाला. दर वाढला असता हप्ता वाढवावयाचा की मुदत, असे दोन पर्याय असतात. पुष्कळदा हप्ता तसाच राहून मुदत वाढते. खात्यातून वळती होणारी रक्कम बदलत नसल्याने ही वाढ ऋणकोस जाणवत नाही. उदा., ३० लाख रु. कर्ज ७ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतल्यास हप्ता २३,२५९ रु. येतो. आरंभीच दर ८ टक्के झाला व हप्ता तोच ठेवला, तर २४० हप्त्यांचे सु. २९६ हप्ते होतात. त्याऐवजी हप्ता १,८३४ रुपयांनी वाढवून मुदत कायम राखल्यास एकूण सु. साडेआठ लाख रु. वाचतात.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ ह्या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. वरील कर्जाचा दर तेवढाच वाढून ९.५ टक्के झाल्यास ३० लाखांवरील मासिक व्याज २३,७५० रु. होते, म्हणजे ते हप्त्याहून अधिक भरते. असे कर्ज हप्ते नियमित भरूनही फिटत नाही, उलट वाढते. ह्या अनुभवानंतर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आदेश काढला. त्यानुसार दर फेरनिश्चित करताना हप्ता वाढविणे, मुदत वाढविणे वा दोन्ही करणे ह्यांची निवड ऋणकोस देणे, तसेच मुदतवाढीमुळे कर्जाची शिल्लक वाढत जाणार नाही ह्याची काळजी घेणे धनको संस्थांवर बंधनकारक झाले.

आकारणीच्या पद्धती : दर समान दिसूनही आकारणीच्या पद्धतीमुळे परिव्यय बदलतो. मासिक घटत्या शेषावरील आकारणीत भरलेल्या मुद्दलाचा लाभ पुढील महिन्यापासून मिळतो. वार्षिक शेषाच्या पद्धतीत, जी भारतातील गृहवित्त संस्थांत पूर्वी प्रचलित होती, तो वर्ष संपल्यावर मिळतो. ३० लाखांच्या वरील उदाहरणात त्यामुळे २० वर्षांत सु. ९५ हजार रु. अधिक जातात. सपाट दराच्या पद्धतीत तर मूळ रकमेवर अखेरपर्यंत व्याज धरले जाते. दहा वर्षांच्या कर्जावरील ९ टक्के सपाट दर हा घटत्या शेषावरील सु. १४.५ टक्के दराच्या बरोबरीचा असतो.

आनुषंगिक खर्च : मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ ह्यात वर्णिलेल्या गहाणाच्या प्रकारांपैकी हक्कलेख निक्षेपून केलेले गहाण गृहकर्जात विशेष रूढ आहे. ह्यावरही मुद्रांक शुल्क द्यावे लागते. प्रक्रिया शुल्क, हक्काची तपासणी व मूल्यांकन हे खर्च प्रारंभीच करावे लागतात. कर्जासोबत घेतलेल्या आयुर्विम्याचा एकरकमी हप्ता मुद्दलात मिळविल्यास त्यावरही व्याज चढते. ६० हजारांचा असा विमाहप्ता ९ टक्के दराने २० वर्षांत सु. १ लाख ३० हजारांना पडतो.

बांधकाम चालू असलेल्या सदनिकेच्या बाबतीत आणखी एक भार येतो. कर्जाची रक्कम टप्प्याटप्प्याने दिली जाते व पूर्ण हप्ता सुरू होईपर्यंत उचललेल्या रकमेवर केवळ व्याज भरावे लागते. ह्याने मुद्दलात काहीही घट होत नाही. तीन वर्षे सरासरी १५ लाख रु. उचललेले असल्यास ९ टक्के दराने असे व्याज ४ लाख ५ हजार रु. होते. ताबा लांबल्यास ते वाढत राहते आणि ऋणको त्याच काळात राहत्या जागेचे भाडेही भरत असतो.

चलनवाढ व करसवलत : भरावयाच्या रुपयांची नुसती बेरीज हाच खरा परिव्यय होय, असेही म्हणता येत नाही. वीस वर्षांनंतरच्या रुपयाची क्रयशक्ती आजच्या रुपयाहून कमी असते. चलनवाढ दरसाल ५ टक्के धरल्यास ९ टक्के दराने २० वर्षांत भरलेल्या ६४ लाख ७८ हजार रुपयांचे मूल्य कर्ज घेतानाच्या रुपयांत सु. ४१ लाख ३० हजार भरते. उत्पन्न किंमतींबरोबर वाढत गेले, तर हप्त्याचा भार उत्तरोत्तर हलका होतो. ज्याचे उत्पन्न स्थिर वा अनिश्चित आहे, त्यास हा लाभ मिळत नाही. तसेच कर्ज न घेतल्यास द्यावे लागणारे भाडे आणि घराच्या मूल्यातील संभाव्य वाढ ह्यांचाही विचार तुलनेत करावा लागतो.

आयकराच्या जुन्या पद्धतीत स्वतःच्या राहत्या घरावरील कर्जव्याजाची वर्षाला दोन लाख रुपयांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत अशा घरासाठी ती मिळत नाही. वजावटीने कर वाचतो, तो व्याजाचा केवळ काही अंश असतो. तेव्हा सवलतीसाठी कर्ज चालू ठेवणे हिताचे ठरतेच असे नाही.

मुदतपूर्व परतफेड : परिव्यय कमी करण्याचे सर्वांत परिणामकारक साधन म्हणजे मुद्दल लवकर फेडणे होय. ३० लाखांच्या (९ टक्के, २० वर्षे) कर्जात पहिल्या वर्षाअखेरीस एक लाख रु. अधिक भरून हप्ता तोच ठेवल्यास सु. १९ हप्ते कमी होतात व व्याजात सु. ४ लाख १३ हजार रुपयांची बचत होते. तेच एक लाख पंधराव्या वर्षाअखेरीस भरल्यास बचत सु. ५४ हजारच होते. जादा रक्कम भरल्यानंतर हप्ता कमी करून घेतल्यास हा लाभ बराच घटतो. मुदत कमी करून घेणे म्हणून अधिक फायद्याचे असते. तथापि आजारपण वा नोकरी जाणे अशा प्रसंगासाठीची शिल्लक त्यापायी संपविणे इष्ट नव्हे, कारण हप्ते थकल्यास २००२ च्या प्रतिभूती हितसंबंध अंमलबजावणीविषयक अधिनियमाखाली (सरफेसी) धनको संस्था ६० दिवसांची नोटीस देऊन तारण घराचा ताबा घेण्याची कारवाई करू शकते.

ऋणकोचे संरक्षण : वैयक्तिक ऋणकोच्या चल दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीसाठी आकार घेण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्ये बँकांना मनाई केली. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांसाठी मुख्य तथ्यांचे विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात व्याजासह सर्व आकार धरून काढलेला वार्षिक टक्केवारी दर आणि परतफेडीचे संपूर्ण वेळापत्रक द्यावे लागते. दोन कर्जांची तुलना जाहिरातीतील दरावरून न करता ह्या दरावरून करणे योग्य ठरते. कर्ज फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ हक्कलेख परत न केल्यास व विलंब धनको संस्थेमुळे झाला असल्यास प्रतिदिनी ५,००० रु. भरपाईची तरतूद १ डिसेंबर २०२३ पासून लागू झाली आहे.

हे नियम ऋणकोस माहिती व निवडीचा हक्क देतात. परिव्ययाला मात्र ते मर्यादा घालत नाहीत. मासिक हप्ता हा कर्ज पेलण्याची शक्ती दाखवितो, तर त्याची किंमत हप्ता आणि हप्त्यांची संख्या ह्यांच्या गुणाकाराने ठरते. करारावर सही करण्यापूर्वी, तसेच दरात बदल होईल त्या प्रत्येक वेळी, शिल्लक मुद्दल व उरलेल्या हप्त्यांची संख्या लेखी मागून घेणे म्हणून आवश्यक ठरते.