साठवलेला खेळ कोठे असतो?

संगणकावर खेळत बसणे म्हणजे वेळेचा अपव्यय की मनाची विश्रांती, या जुन्या वादात मी पडत नाही. आपल्या महाविद्यालयात खेळणारे पुष्कळ आहेत आणि त्यांत एखाददुसरे प्राध्यापकही आहेत, एवढे सांगून त्यांची नावे गुप्त ठेवते. मला विचारायचे आहे ते वेगळेच. सहा महिने रात्री जागून जे मिळवले, म्हणजे गाठलेली पायरी, जमवलेली नाणी, बांधलेले गाव, ते संगणकात नेमके कोठे असते? हा प्रश्न मी मैत्रिणींना मराठीत विचारला, कानडी माध्यमातून आलेल्या मित्रांना कानडीत विचारला. दोन्ही भाषांत उत्तर एकच आले : "खेळातच की!" आणि दोन्ही भाषांत ते चूक आहे.

वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्याला ही गोष्ट चटकन समजावी. दुकानातून आणलेली कोरी वही आणि त्या वहीत आपण लिहिलेली कीर्द या दोन निराळ्या वस्तू आहेत. वही हरवली तर तशीच दुसरी मिळते. कीर्द कोणत्याही दुकानात मिळत नाही. खेळाचेही तसेच आहे. २००३ साली पीसीवर आलेला 'जीटीए व्हाइस सिटी' हा खेळ थोरल्या भावंडांना सायबर कॅफेतून आठवत असेल. तो खेळ शेकडो मेगाबाइटांचा, पण खेळणाऱ्याची सारी मजल ज्या फाइलीत नोंदली जाते ती जेमतेम दोनशे किलोबाइटांची! आजचे काही खेळ शंभर गिगाबाइटांच्याही वर गेले आहेत, आणि लोक जपतात ते हे शंभर गिगाबाइट, जे पुन्हा केव्हाही उतरवून घेता येतात.

ही नोंद खेळापासून दूर का गेली, याला थोडा इतिहास आहे. १९८५ च्या 'सुपर मारिओ ब्रदर्स'मध्ये खेळ साठवण्याची सोयच नव्हती. दिवे गेले की राजकन्या पुन्हा कैदेत. डॉसच्या काळात संगणकावर खेळ साठवता येत असे, तेव्हा साठवलेल्या फाइली बहुधा खेळाच्याच फोल्डरमध्ये पडत. ते फोल्डर उचलले की खेळ आणि नोंद दोन्ही आले. मग एका यंत्रावर घरातली चार माणसे बसू लागली आणि विंडोजने प्रत्येकाला स्वतंत्र खोली दिली. २००७ साली आलेल्या विंडोज व्हिस्टापासून तर साध्या प्रोग्रॅमला 'प्रोग्रॅम फाइल्स' या फोल्डरात लिहिण्यास मज्जावच झाला. जे जुने खेळ तरीही तेथेच लिहू पाहत, त्यांची फाइल विंडोज गुपचूप 'व्हर्च्युअलस्टोअर' नावाच्या फोल्डरात नेऊन ठेवी. खेळाला वाटे आपण घरीच लिहिले, आणि मालकाने घर शोधले तर तेथे काही नाही!

आज निरनिराळे खेळ निरनिराळ्या ठिकाणी लिहितात. काही 'डॉक्युमेंट्स'मध्ये. व्हाइस सिटी आणि सॅन अँड्रियास यांची 'युजर फाइल्स' नावाची फोल्डरे तेथेच सापडतील, आणि 'स्कायरिम' तेथल्याच 'माय गेम्स'मध्ये लिहितो. 'सायबरपंक २०७७' हा विंडोजने खास याच कामासाठी दिलेले 'सेव्हड गेम्स' हे फोल्डर वापरतो. वास्तविक सर्वांनीच ते वापरायचे. पण सरकारी परिपत्रकासारखी त्याची गत झाली. उरलेल्यांतले बहुतेक खेळ 'ॲपडेटा' नावाच्या फोल्डरात शिरतात, आणि खरी अडचण तेथेच आहे, कारण हे फोल्डर विंडोज मुळातच दाखवत नाही. त्याच्या पोटात तीन भाग आहेत : लोकल, लोकललो आणि रोमिंग. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या मंडळींनी २०२० साली 'राजी' हा खेळ काढला. तो अनरिअल इंजिनवर बांधलेला आहे. असे खेळ सहसा 'लोकल'मध्ये आपल्या नावाचे फोल्डर करून त्यात 'सेव्हड' व त्याच्याही आत 'सेव्हगेम्स' असा संसार मांडतात. युनिटी इंजिनवरचे बरेच खेळ 'लोकललो' पत्करतात; 'होलो नाइट' त्यांतलाच. 'स्टारड्यू व्हॅली' आणि 'माइनक्राफ्ट'ची जावा आवृत्ती 'रोमिंग'मध्ये असतात.

ॲपडेटात जायचे कसे? विंडोजची कळ आणि आर ही कळ एकदम दाबावी. छोटी चौकट येते. तीत टक्क्याचे चिन्ह, ॲपडेटा हा शब्द रोमन लिपीत, पुन्हा टक्क्याचे चिन्ह असे लिहून एंटर दाबावे. थेट रोमिंगमध्ये पोहोचतो. तेथून एक पायरी वर गेले की तिन्ही भाग समोर.

हे सारे मला एवढे तपशिलाने ठाऊक झाले ते उज्जैनमुळे. तेथे फ्रीगंजमध्ये माझी मावशी राहते. तिच्या घरची मराठी हिंदीत अशी मिसळते, जशी आमची बेळगावची कानडीत. १४ ऑक्टोबर २०२५ रोजी विंडोज १० ची मोफत देखभाल मायक्रोसॉफ्टने सर्वसाधारणपणे थांबवली. त्यानंतरच्या सुट्टीत मी गेले तेव्हा तिच्या घरचा जुना पीसी पुसून नव्याने भरण्यासाठी दुकानात जायचा होता. दुकानातला मुलगा मोठा नेमस्त होता. त्याने आधी घरी येऊन डेस्कटॉप, डॉक्युमेंट्स, फोटो, सारे पेनड्राइव्हवर घेतले आणि म्हणाला, "सब ले लिया है भैया, अब कुछ नहीं बचा."

माझा मावसभाऊ मात्र दारात तसाच उभा राहिला. टाळेबंदीच्या वर्षी, २०२० साली, त्याने आणि त्याच्या थोरल्या बहिणीने माइनक्राफ्टमध्ये त्यांचा जुना वाडा बांधला होता. खरा वाडा त्याआधीच विकला गेला होता, आणि मावसभावाला तो नीट आठवतही नव्हता. मापे सांगितली ती मावशीच्या सासूबाईंनी. खुर्ची ओढून त्या संगणकाशेजारी बसत आणि "जिन्याला अकरा पायऱ्या होत्या रे, बारा नाही," असे म्हणून काम मोडायला लावत. देवघराची खिडकी कोणत्या अंगाला, विहिरीचा रहाट कोणीकडे फिरे, हे सगळे त्यांच्या तोंडून त्या वाड्यात उतरले. त्या आजी आता नाहीत. वाड्याचे घरात दोन फोटो आहेत, दोन्ही लग्नातले, आणि दोन्हीत वाडा कमी आणि पाहुणे जास्त.

"ताई, तो वाडा पेनड्राइव्हमध्ये आला का गं?" त्याने विचारले. आला नव्हता. दुकानदाराचा यात दोष नाही. जे फोल्डर दिसतच नाही ते तो कसे घेणार?

शोधण्याची जी रीत आम्ही तेव्हा वापरली ती कोणत्याही खेळाला लागू पडते, म्हणून ती येथे सांगते. खेळ उघडावा, एखादे बारीकसे काम करावे (मावसभावाने अंगणात एक वीट ठेवली), साठवावे आणि खेळ पूर्णपणे बंद करावा. मग ॲपडेटात जाऊन वरच्या शोधाच्या चौकटीत रोमन लिपीत डेटमॉडिफाइड, मग कोलन, मग टुडे असे लिहावे. आज बदललेल्या फाइलींची यादी येते. तिच्यात कचरा पुष्कळ असतो, पण घड्याळ पाहून आपण जो मिनिट लक्षात ठेवला त्या मिनिटाची फाइल शोधली की झाले. ॲपडेटात न मिळाली तर हाच शोध डॉक्युमेंट्समध्ये करावा. योगायोग असा की गाव उज्जैन. 'सूर्यसिद्धांता'त मध्यरेषेवर अवंती सांगितली आहे, म्हणजे आपल्या जुन्या ज्योतिषाची वेळ ज्या गावावरून मोजली गेली ते हे गाव. तेथल्या जयसिंगाच्या वेधशाळेची १९२३ साली शिंदे सरकारने डागडुजी केली, तेव्हा देखरेखीला गोविंद सदाशिव आपटे हे मराठी गृहस्थ होते. आम्हीही वेळ पाहूनच वाड्यापर्यंत पोहोचलो!

तो रोमिंगमधल्या माइनक्राफ्टच्या फोल्डरात, 'सेव्हज'च्या आत होता. एक संपूर्ण फोल्डर म्हणजे एक जग. त्यात 'लेव्हल' नावाची मुख्य फाइल आणि 'रीजन' नावाचे फोल्डर असते. जमिनीचा ५१२ बाय ५१२ ठोकळ्यांचा एकेक तुकडा तेथे एकेका फाइलीत ठेवलेला असतो. यावरून एक गोष्ट लक्षात यावी : ओळखीच्या नावाची एकच फाइल उचलून भागत नाही. नुसती 'लेव्हल' घेतली असती तर जगाचे नाव आले असते आणि वाडा मागे राहिला असता. नक्कल नेहमी अख्ख्या फोल्डराची घ्यावी आणि खेळ बंद असताना घ्यावी. लिहिणे चालू असताना उचललेली नक्कल अर्ध्या खतावणीसारखी असते. नावात तारीख घालताना आधी वर्ष, मग महिना, मग दिवस असे लिहावे, म्हणजे नकला आपोआप क्रमाने लागतात.

आता ठेवायची कोठे? येथे मला आपल्याकडच्या एका लाडक्या समजुतीविरुद्ध बोलले पाहिजे. "डी ड्राइव्हमध्ये ठेवले आहे, काळजी नाही!" सी पुसताना डी वाचते हे खरे, पण पुष्कळ घरांत सी आणि डी हे एकाच हार्ड डिस्कचे दोन कप्पे असतात. डिस्क गेली की दोन्ही गेले. एकाच तिजोरीच्या दोन खणांत मूळ पावती आणि तिची कार्बन प्रत ठेवण्यासारखेच हे. नक्कल दुसऱ्या वस्तूवर हवी : पेनड्राइव्ह, बाहेरची डिस्क, किंवा इंटरनेटवरची जागा. पेनड्राइव्हवर गेलेल्या फाइलीची वेळ मुळापेक्षा सेकंदाने इकडेतिकडे दिसली तर घाबरू नये. पुष्कळ पेनड्राइव्हवर असलेली फॅट ही पद्धत वेळ दोन-दोन सेकंदांच्या पायऱ्यांनीच नोंदते.

स्टीमसारख्या दुकानांची क्लाउडची सोय चांगली आहे, पण तिलाही नक्कल समजू नये. एक तर ती प्रत्येक खेळाला नसते. दुसरे, ती आरशासारखी आहे. इकडे फाइल बिघडली की तिकडेही बिघडलेलीच जाते. कधी कधी "यंत्रावरची ठेवू की क्लाउडवरची?" असा प्रश्न पडद्यावर येतो, आणि खेळायच्या घाईत माणूस हाताला लागेल ते बटण दाबतो. तेथे आधी दोन्हींच्या तारखा वाचाव्यात, आणि बटण दाबण्यापूर्वी यंत्रावरचे फोल्डर बाजूला उतरवून घ्यावे. बीजीएमआय किंवा व्हॅलोरंट यांच्याबाबत ही यातायात नको. तेथली मिळकत कंपनीच्या यंत्रावर असते. आपण जपायचा तो फक्त पासवर्ड.

नक्कल घेतली म्हणजे काम संपले असे नाही. तेरीज जुळवल्याशिवाय खाती बरोबर आहेत असे आपले सर म्हणू देत नाहीत. तसेच नक्कल उघडून पाहिल्याशिवाय तिला नक्कल म्हणू नये. नव्या यंत्रावर खेळ भरावा, एकदा चालू करून बंद करावा म्हणजे तो आपले फोल्डर तयार करतो, मग त्यात नक्कल ठेवावी. क्लाउड असेल तर तेवढ्यापुरते बंद ठेवावे, नाहीतर रिकामी नवी नोंद तिच्यावर येऊन बसण्याची भीती असते. 'एल्डन रिंग'सारखे काही खेळ नोंदीत खेळणाऱ्याच्या खात्याचा क्रमांकही गुंफतात. तसली फाइल दुसऱ्याच्या खात्यात उघडत नाही.

आम्ही पीसी दुकानात देण्यापूर्वी ते फोल्डर पुण्याला मावसबहिणीकडे पाठवले. तिने आपल्या लॅपटॉपवर उघडून फोन केला आणि जिन्याच्या पायऱ्या मोजून दाखवल्या : अकरा. मगच दुकानदाराला "घेऊन जा" म्हटले. तिच्याकडची माइनक्राफ्टची आवृत्ती अधिक नवी होती, आणि नव्या आवृत्तीत एकदा उघडलेले जग जुन्या आवृत्तीत परत धड उघडेल याचा भरवसा नसतो. म्हणून न उघडलेली एक प्रत पेनड्राइव्हवर वेगळी ठेवली आहे. तो पेनड्राइव्ह मावशीच्या कपाटात, घराच्या कागदपत्रांबरोबर असतो.