चित्र राहिलं, आवाज गेला तर?

लिंबागणेशच्या भालचंद्राच्या देवळापाशी बसून आम्ही आज थेट कोकणात जाणार आहोत. सिंधुदुर्गातल्या कुडाळ तालुक्यातल्या पिंगुळी गावात. म्हणाल, आपला काय संबंध? संबंध आहे, तो शेवटी सांगतो.

पिंगुळीत ठाकर आदिवासींची वस्ती आहे. रामायण-महाभारतातल्या कथा चित्रांवरून सांगायच्या, ही त्यांची चित्रकथी. एका कथेची चित्रं एकत्र बांधलेली असतात, तिला पोथी म्हणतात. सूत्रधार एकेक चित्र पुढे धरतो, वीणा वाजवत कथा गातो. साथीला टाळ आणि हुडुक. कळसूत्री आणि चामड्याच्या बाहुल्याही हेच लोक नाचवतात. सावंतवाडी संस्थानाचा आश्रय होता, तोवर निभावलं. पुढे सिनेमा आला, टीव्ही आला नि प्रेक्षक उठून गेला.

परशुराम गंगावणे मात्र उठले नाहीत. त्यांनी घरच्या गुरांच्या गोठ्यातच संग्रहालय उभारलं, 'ठाकर आदिवासी कला आंगण'. तिथे पोथ्या, बाहुल्या, वाद्यं पाहायला मिळतात. पण महत्त्वाचं म्हणजे तिथे खेळही होतो. मुलांना कला शिकवली, म्हणून पुढची पिढी उभी राहिली. 2021 साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली.

आता आपला संबंध. बाराव्या शतकात कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर याच्या 'मानसोल्लास' ग्रंथात चित्रं दाखवून कथा सांगणाऱ्याचा उल्लेख आहे. ते कल्याणी म्हणजे आजचं बसवकल्याण, मराठवाड्याच्या सीमेलगतचं. आणि गोदेकाठचं पैठण तर आपलं शेजारीच! तिथली अशीच कथाचित्रं पुण्याच्या राजा केळकर संग्रहालयात जपलेली आहेत. रंग टिकले, रेषा टिकल्या. पण ती चित्रं गाणारा माणूस कुठे आहे? चित्रकथीचं चित्र म्हणजे अर्धी कथा. उरलेली अर्धी सांगणाऱ्याच्या गळ्यात असते. काचेआड अर्धीच जपता येते.

पिंगुळीनं दोन्ही अर्धं एकत्र ठेवलं, हा खरा धडा. आपल्याकडे गोंधळी आहेत, वासुदेव आहेत. त्यांचा फोटो काढून आपण मोकळे होतो. त्यापेक्षा एकदा अंगणात बोलवा, पूर्ण गोंधळ ऐका, बिदागी हातावर ठेवा आणि पोरांना पुढे बसवा. ऐकणारा असेल, तरच सांगणारा राहील.