एक खरेदी, दोन खेळयंत्रें

आजचा विषय प्रथमदर्शनीं मुलांचा वाटेल. परंतु त्याचा शेवट वडीलधाऱ्यांच्या पैशापाशीं होतो, म्हणून तो घरांतील सर्वांनींच ऐकावा अशी माझी विनंती आहे. दूरचित्रवाणीच्या पडद्याला जोडून खेळावयाचें जें यंत्र, ज्याला मुलें 'कन्सोल' म्हणतात, तें आपल्या खानदेशांतील घरांतही येऊन पोंचलें आहे. त्यावर खेळावयाचा एखादा मोठा नवा खेळ सुमारें पांच हजार रुपयांना पडतो. आतां अशी कल्पना करा कीं, बिऱ्हाड धुळ्याला आहे. थोरला मुलगा शिक्षणासाठीं जळगांवला राहतो. धाकटीं भावंडें धुळ्यांतच आहेत. दोन्हीं ठिकाणीं एकेक यंत्र आहे. थोरल्यानें इंटरनेटवरून एक खेळ विकत घेतला. तो खेळ धाकट्यांना खेळतां येईल काय, कीं त्याच एका खेळासाठीं बापानें पुन्हां पांच हजार मोजावे?

या प्रश्नाला दोन उत्तरें नेहमीं ऐकूं येतात. एक असें कीं, पैसे दिले, वस्तु आपली झाली. ती कोणालाही द्यावी, त्यांत विचारावयाचें काय? दुसरें असें कीं, एकानें घेतलेलें दुसऱ्यानें वापरणें ही चोरीच होय. हीं दोन्हीं उत्तरें चुकीचीं आहेत. आणि तीं कां चुकीचीं आहेत हें समजलें म्हणजे बाकीचा विषय आपोआप उलगडतो.

प्रथम पुस्तकाचें उदाहरण घेऊं. जळगांवच्या व. वा. वाचनालयांतून आपण एखादी कादंबरी घरीं आणतों, वाचून परत करतों आणि तीच प्रत दुसरा सभासद नेतो. यासाठीं दर वेळीं कोणी ग्रंथकाराची परवानगी मागत नाहीं. आपला १९५७ चा प्रताधिकार कायदा ग्रंथाच्या नव्या प्रती काढण्याचा हक्क ग्रंथकाराकडे ठेवतो. परंतु जी प्रत एकदां रीतसर लोकांत गेली, ती पुढें या हातांतून त्या हातांत जाण्याला तो आडवा येत नाहीं. खेळाची तबकडी विकत घेतली तर व्यवहार पुष्कळ अंशीं असाच असतो. तबकडी धुळ्याच्या यंत्रांत घातली कीं धुळ्याला खेळ, एस.टी.नें जळगांवला पाठविली कीं जळगांवला. ती एका वेळीं दोन गांवीं असूं शकत नाहीं, म्हणून तिच्या वाटणीचा वादही होत नाहीं.

तबकडीवाचून घेतलेल्या खेळाचें तसें नाहीं. तेथें आपण वस्तु घेत नाहीं. ती वापरण्याचा परवाना घेतों. खेळाची प्रत यंत्रावर उतरते हें खरें, परंतु ती कुलूपबंद असते. खरेदी झाली तेव्हां कंपनीनें आपल्या वहींत एवढीच नोंद केली कीं, अमक्या खात्याला हा खेळ उघडण्याची मुभा आहे. ती नोंद हीच किल्ली. म्हणूनच अमेरिकेंतील कॅलिफोर्निया राज्यानें १ जानेवारी २०२५ पासून असा नियम अमलांत आणला कीं, असा माल विकतांना आपण केवळ परवाना देत आहों हें दुकानदारानें ग्राहकाला स्पष्ट सांगावें. तसें न सांगतां 'खरेदी' हा शब्द वापरूं नये. या भेदाचा अर्थ वाचकांना २००९ मध्यें चांगलाच कळला होता. त्या वर्षीं ॲमेझॉन कंपनीनें हक्कांच्या वादामुळें जॉर्ज ऑर्वेलचीं कांहीं पुस्तकें ग्राहकांच्या वाचनयंत्रांतून परस्पर काढून घेतलीं. किंमत परत मिळाली, परंतु पुस्तक गेलें. कपाटांतलें छापील पुस्तक असें कोणाला रातोरात नेतां येत नाहीं.

हा परवाना म्हणजे काय, हें आपल्या भागांतील माणसाला समजणें मुळींच अवघड नाहीं. साक्री तालुक्यांत पांझरा नदीच्या कांठीं शेंकडों वर्षें चालत आलेली फड पद्धत आपण ऐकून आहांत. नदीला बंधारा घालावयाचा, पाटानें पाणी शेतांकडे न्यावयाचें, भिजणाऱ्या जमिनीचे फड पाडावयाचे आणि पाटकऱ्यानें ठरलेल्या क्रमानें पाणी सोडावयाचें, अशी ती व्यवस्था. तेथें नदी कोणा एका शेतकऱ्याची नसते. त्याचा हक्क असतो तो पाळीवर. पाळी त्याची, पाणी सर्वांचें, आणि क्रम पाटकऱ्याच्या हातीं. इंटरनेटवरून घेतलेल्या खेळाचेंही असेंच आहे. फरक इतकाच कीं, फडाचे नियम गांवकरी मिळून ठरवीत. येथला पाटकरी परदेशांतील एक कंपनी असून नियमही तीच ठरविते आणि तीच बदलते. सोनी कंपनीच्या प्लेस्टेशन ३ या यंत्राच्या वेळीं एका खात्यावरील खेळ प्रथम पांच यंत्रांवर चालत. नोव्हेंबर २०११ पासून नव्या खरेदीपुरते ते पांचाचे दोन झाले.

कंपन्यांना ग्राहकांचा रोष कळत नाहीं असें मात्र नाहीं. जून २०१३ मध्यें मायक्रोसॉफ्टनें आपल्या एक्सबॉक्स वन या यंत्राविषयीं जाहीर केलें कीं, यंत्रानें चोवीस तासांत एकदां तरी इंटरनेटवरून कंपनीशीं संपर्क साधलाच पाहिजे, आणि तबकड्या उसन्या देण्यावरही बंधनें राहतील. त्यावर गिऱ्हाइकांनीं एवढा गदारोळ केला कीं, त्याच महिन्यांत कंपनीला तो बेत सोडावा लागला. त्याच सुमारास सोनीनें एक चिमुकला चित्रपट दाखविला होता. विषय, खेळ मित्राला कसा द्यावा. त्यांत एक गृहस्थ तबकडी दुसऱ्याच्या हातावर ठेवतो, संपला चित्रपट! टोला बरोबर बसला. परंतु तो तबकडीपुरताच खरा होता, हेंही ध्यानांत ठेविलें पाहिजे.

आतां आपल्या धुळें-जळगांवच्या प्रश्नाकडे वळूं. सोनी आणि मायक्रोसॉफ्ट या दोन्हीं कंपन्यांनीं कुलूप उघडण्याच्या दोन वाटा ठेविल्या आहेत. पहिली वाट यंत्राची. खातेदारानें आपलें एक यंत्र 'घरचें' म्हणून नेमावयाचें. प्लेस्टेशन ५ वर या सोईला 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाईन प्ले' असें नांव आहे. एक्सबॉक्सवर त्या यंत्राला 'होम एक्सबॉक्स' म्हणतात. त्या घरच्या यंत्रावर जो कोणी बसेल त्याला, आपलें स्वतःचें खातें वापरूनसुद्धां, खातेदाराचे खेळ खेळतां येतात. दुसरी वाट माणसाची. खातेदार स्वतः दुसऱ्या यंत्रावर आपल्या नांवानें दाखल झाला, तर त्याचे खेळ तेथेंही उघडतात. मात्र तेथें इंटरनेट चालू असावें लागतें, कारण त्याची ओळख कंपनीकडून पटवून घ्यावयाची असते.

या दोन वाटा एकत्र ठेवून पाहिल्या म्हणजे उत्तर सांपडतें. थोरल्यानें घरचें यंत्र म्हणून जळगांवचें नव्हे, तर धुळ्याचें नेमावें. मग धाकटीं भावंडें धुळ्याला आपापल्या खात्यांतून खेळतील, आणि थोरला जळगांवला स्वतःच्या खात्यांतून खेळेल. एकच खरेदी दोन्हीं गांवीं, तीही एकाच वेळीं, चालेल. आणि यांत कसलीही लबाडी नाहीं, ही सोय कंपनीनेंच दिलेली आहे. पुष्कळ जण नेमकें उलट करतात. स्वतःजवळचें यंत्र घरचें म्हणून नेमतात आणि मग धुळ्याच्या पडद्यावर खेळासमोर कुलपाचें चिन्ह कां दिसतें म्हणून बुचकळ्यांत पडतात. जेथें माणसें अधिक आणि इंटरनेटचा भरंवसा कमी, तें यंत्र घरचें, असा साधा नियम लक्षांत ठेवावा. खेळांत खर्चावयाचीं म्हणून विकत घेतलेलीं नाणीं वगैरे मात्र अशीं वांटलीं जात नाहींत. तीं ज्याचीं त्याचींच राहतात.

घरचें यंत्र वारंवार बदलतां येईल असें समजूं नये. एक्सबॉक्सवर वर्षांत पांच वेळांच बदल करतां येतो. प्लेस्टेशनवर ही सोय त्या यंत्रापाशीं बसून केव्हांही बंद करतां येते; पण यंत्र हातचें गेल्यावर दुरून सर्व यंत्रें एकदम रद्द करावयाचीं, तर ती मुभा सहा महिन्यांतून एकदांच आहे. म्हणून जुनें यंत्र विकण्यापूर्वीं ही सोय त्यावरून आठवणीनें काढावी.

निन्टेन्डो कंपनीनें २०२५ च्या एप्रिलअखेर निराळी तऱ्हा काढली. तिनें खेळाला एक काल्पनिक तबकडी दिली. ती एका यंत्रांतून काढून दुसऱ्यांत घालावयाची. एका वेळीं एकाच ठिकाणीं. घरच्या मंडळींपैकीं कोणाला ती उसनी दिली, तर चौदा दिवसांनीं आपोआप परत येते. एखाद्या काटेकोर ग्रंथपालाची आठवण व्हावी अशीच ही रीत! मात्र उसनी देतांना दोन्हीं यंत्रें जवळजवळ असावीं लागतात. म्हणजे दिवाळीला भावंडें एकत्र आलीं कीं देवघेव करावी हें उत्तम.

संगणकावरील खेळांचें स्टीम नांवाचें दुकान आहे. त्यानें २०२४ पासून सहा जणांपर्यंतच्या कुटुंबाला एकमेकांचे खेळ खेळण्याची सोय दिली. परंतु एका प्रतीवर एका वेळीं एकानेंच खेळावें. त्यांतील एक अट मला शिक्षक या नात्यानें फार आवडली. तुमच्या प्रतीवर खेळतांना धाकट्या भावानें लबाडी केली आणि तो पकडला गेला, तर त्या खेळापुरती तुमच्यावरही बंदी येते. आपला खेळ कोणाच्या हातीं देतों हें पाहूनच द्यावा, हा त्याचा अर्थ. स्टीम 'कुटुंब' म्हणतें तें एका छपराखालीं राहणारें. आपल्याकडे घर या शब्दांत सुरतेचे काका आणि पुण्याची आत्या हीं सुद्धां येतात. परंतु करार कंपनीच्या कोशाप्रमाणें वाचला जातो, आपल्या नाहीं.

आतां एक इशारा. आपल्या घरापलीकडच्या अनोळखी माणसाला खात्याचा पासवर्ड देऊन खेळ वांटून घेण्याचा, किंवा स्वस्त मिळतें म्हणून दुसऱ्याचें खातेंच विकत घेण्याचा मोह मुलांना होतो. हें सर्वथा टाळावें. त्या खात्याला कदाचित् बापाचें बँकेचें कार्ड जोडलेलें असतें. आणि विकणारा, मूळ खातेदार म्हणून, उद्यां तेंच खातें परत आपल्या ताब्यांत घेऊं शकतो. अशा सौद्याची दाद कंपनीकडे लागत नाहीं, कारण खातें विकणें हेंच तिच्या कराराविरुद्ध असतें. सख्ख्या भावंडांतही पासवर्ड देण्याची गरज नाहीं. वर सांगितलेली यंत्राची वाट त्यासाठींच आहे.

शेवटीं वडीलधाऱ्यांना एकच सुचवितों. पैसे देण्यापूर्वीं खेळ कोणता एवढेंच विचारूं नका. तो कोणाच्या खात्यावर घेतला जाणार हें विचारा. चार वर्षांत घेतलेले वीस खेळ थोरल्याच्या खात्यावर असले, तर तो उद्यां नोकरीसाठीं परगांवीं गेला, स्वतःचा संसार थाटला आणि तेथलें यंत्र घरचें केलें, कीं वीसही खेळ त्याच्याबरोबर गेले. शेताच्या वाटणीप्रमाणें दहा तुला, दहा मला अशी त्यांची फोड करतां येत नाहीं. खातें दुसऱ्याच्या नांवें करून देण्याचीही सोय नाहीं. वीस खेळांचे लाखभर रुपये घरानें भरलेले असतात, आणि नोंद मात्र एकाचीच राहते. म्हणून जो खेळ सर्व भावंडांचा, तो शक्यतों तबकडीवर घ्यावा. आणि तसा मिळत नसेल, तर जें खातें आईबापांच्या ताब्यांत, घरच्याच यंत्रावर कायम राहणार, त्यावर घ्यावा. पाळी कोणाची हें पाणी सुटण्यापूर्वींच ठरलेलें असलें, म्हणजे बांधावर भांडण होत नाहीं.